फाटकावरच्या वहीतली उशी

माझ्या नणंदेला पाणीपुरवठ्याच्या कचेरीत सगळे आवकबाई म्हणत. कचेरीत येणारा प्रत्येक कागद आधी त्यांच्या टेबलावर यायचा, त्याच्यावर त्यांचा शिक्का बसायचा, नंबर पडायचा आणि मगच तो साहेबांकडे जायचा. बाहेर जाणारे कागदही त्यांच्याच हातून जायचे, पण जावकबाई त्यांना कुणी म्हटलं नाही. मी त्यांना वन्सं म्हणते. त्यांनी लग्न केलं नाही, आमच्याकडेच राहिल्या. मी या घरात आले त्याच वर्षी त्या नोकरीला लागल्या. माझा संसार आणि त्यांची नोकरी एका वयाची.

दुपारी भांडी आवरली की मी देवासमोर बसून वही लिहिते. त्या वहीत खोटं लिहायचं नाही असा माझा देवाशी ठराव आहे. तोच ठराव इथं पाळते. मला वन्संचा हेवा वाटत आला.

कशाकशाचा सांगू? सकाळी साडेनऊला पायात चप्पल सरकवून त्या निघायच्या आणि मागं घराचं काय होतं ते घरानं बघायचं. डबा मी भरायचा. संध्याकाळी त्या आल्या की हे म्हणायचे, "बायो दमून आलीय, चहा टाक." मी दिवसभर जणू पंख्याखाली पाय पसरून बसले होते. कोपऱ्यातल्या खोलीत त्यांचं टेबल होतं, त्याला कुलपाचा खण होता, किल्ली त्यांच्या गळ्यात. चाळीस वर्षांत माझ्या नावाचा कुलपाचा खण या घरात झाला नाही. माझी वही देवांच्या पाटाखाली असायची, कुणीही काढावी अशी. कुणी काढली नाही हा भाग वेगळा. त्यात कुणाला काही सापडेल असं वाटलंच नसावं.

मुलगी तर माझी. पण वसतिगृहातून तिनं पहिलं पत्र लिहिलं ते आत्याच्या नावानं. ते पाकीट मी दोन दिवस तांदळाच्या डब्यात दडवून ठेवलं आणि तिसऱ्या दिवशी आजच आलं म्हणून दिलं. वन्संनी पाकीट फोडलं तेव्हा त्यातून तांदळाचा एक दाणा टेबलावर पडला. त्यांनी तो बोटानं उचलला, माझ्या हातावर ठेवला आणि पत्र वाचायला लागल्या. एक शब्द बोलल्या नाहीत. बोलल्या असत्या तर भांडता तरी आलं असतं.

बारा वर्षांपूर्वी त्यांची कंबर धरली. कचेरीतली लाकडी खुर्ची टणक होती. माझ्या आईनं दिलेली एक रजई माझ्याकडे होती, तिचा चांगला अर्धा भाग कापून मी त्यांना खुर्चीवर टाकायला उशी शिवली. चौकोनी, निळ्या काठाची, चारी कोपऱ्यांना बंद. का शिवली ते मलाही नीट सांगता येणार नाही. ज्याचा हेवा वाटतो त्याला दुखलेलं बघवतही नाही, एवढं खरं. वन्सं "छान झालीय" म्हणाल्या, पिशवीत घालून घेऊन गेल्या आणि ती उशी पुन्हा घरी आली नाही.

निवृत्तीच्या दिवशी त्या आल्या तेव्हा पिशवीत कप होता, चष्म्याचं घर होतं, दोन पेनं आणि एक जुना शिक्का होता. मी पिशवीत डोकावून विचारलं, "उशी?"

"राहिली तिथंच," त्या म्हणाल्या आणि हातपाय धुवायला गेल्या.

त्या दिवशी मी वहीत दोन पानं लिहिली. ती इथं उतरवत नाही.

पुढं पेन्शन अडकली. ग्रॅच्युइटीही अडकली. कारण काय, तर वन्संच्या ताब्यातलं एक जुनं रजिस्टर सापडत नव्हतं आणि ते सापडेपर्यंत 'काही येणं नाही' हा दाखला साहेब देत नव्हते. ते रजिस्टर साहेबांच्याच कपाटात पडलं असेल असं वन्संचं म्हणणं, पण कपाटाला कुलूप. अर्ज, स्मरणपत्र, पुन्हा अर्ज यात दोन वर्षं गेली. तोवर वन्संचे गुडघे गेले. जिना त्या उलट्या उतरायला लागल्या, भिंतीला पोट लावून, एकेक पायरी. डॉक्टरांनी दोन्ही गुडघे बदलायला सांगितले. ते पैसे कचेरीत होते आणि वन्सं जिन्यात होत्या.

शेवटी कोर्ट. वकीलबाई आमच्या मुलीच्या वयाच्या, नाकाला कायम रुमाल. त्यांनी वर्षभरात निकाल आणला: रजिस्टरचं निमित्त चालणार नाही, आठ आठवड्यांत सगळी रक्कम द्या. त्या दिवशी घरात माणसं मावेनात. अकरा जणांचा चहा मी केला. मुलीचा फोन आला, "आत्या, कचेरीला पाणी पाजलंस तू." आत्या हसली. तारखांना फायलींची पिशवी कोण उचलत होतं, रिक्षात त्यांचे पाय कोण आत घेत होतं, हे विचारायला कुणाला सवड नव्हती.

आठ आठवडे उलटले. दमडी आली नाही.

"आता अवमानाचा अर्ज करायचा," वकीलबाई म्हणाल्या. "आता भांडण तुमचं आणि साहेबांचं नाही. कोर्टानं सांगितलं, साहेबांनी ऐकलं नाही. कोर्टाला राग येतो त्याचा."

"मग बरंय," वन्सं म्हणाल्या. "मला तीन वर्षं येतोय, कुणी विचारत नव्हतं."

साहेबांना नोटीस गेली आणि त्यांचं प्रतिज्ञापत्र आलं. वकीलबाईंनी ते आमच्या बाहेरच्या खोलीत बसून वाचून दाखवलं. त्यात लिहिलं होतं की कचेरीनं अठरा तारखेला, म्हणजे मुदतीच्या आतच, शिपायाबरोबर घरी पत्र पाठवलं. पासबुकाची प्रत आणि हयातीचा दाखला मागवला. वेळ दुपारी साडेबारा. अर्जदार घरी नव्हत्या. घरातल्या स्त्रीनं पत्र घेतलं आणि सही द्यायला नकार दिला. पुढं कागद आलेच नाहीत, सबब उशीर अर्जदाराचाच, अवमान झालेला नाही. सोबत जावक रजिस्टरच्या पानाची प्रत होती, अठरा तारखेची, नंबरासकट.

वकीलबाईंनी रुमाल नाकाला लावला. घरातली स्त्री म्हणजे कोण, हे सांगायची गरज नव्हती. अठरा तारखेला हे वन्संना घेऊन गुडघ्याच्या डॉक्टरांकडे गेले होते. घरी मी होते.

"अगं," हे म्हणाले, "घेतलं होतंस का काही?"

"नाही."

"नीट आठव."

"आठवलं. नाही."

वन्सं माझ्याकडे बघत होत्या. "वहिनी, घेतलं असेल तरी सांगा. मी रागावणार नाही."

त्यांनी मला झिंज्या धरून ओढलं असतं तर बरं वाटलं असतं. रागावणार नाही म्हणे. तो तांदळाचा दाणा त्यांनी इतकी वर्षं जपून ठेवला होता तर. मी उठले आणि स्वयंपाकघरात जाऊन स्वच्छ असलेला ओटा पुसायला लागले.

साडेबारा वाजता मी कुठं होते ते मला पक्कं माहीत होतं. पण ते सांगण्यापेक्षा पत्र खाल्लं असं सांगणं सोपं होतं.

त्या दिवशी सकाळी वन्संच्या जागेवर आलेल्या माणसाचा त्यांना फोन आला होता. चाळिशीचा, आधी गोदामात असलेला माणूस. त्याला रजिस्टरातला कुठला तरी नंबर सापडत नव्हता. बोलता बोलता तो म्हणाला, मलाही ऐकू आलं, "बाई, तुमच्या उशीनं माझीसुद्धा कंबर बरी केली." वन्सं हसल्या. माझ्याशी बोलताना त्या असं कधी हसल्या नाहीत. माझ्या आईची रजई, माझी बोटं, आणि आराम कुणाला, तर गोदामवाल्याला. हे आणि वन्सं डॉक्टरकडे गेले, मी घराला कुलूप घातलं आणि बसनं थेट पाणीपुरवठ्याची कचेरी गाठली. उशी आणायला.

फाटकावर एक म्हातारा बसला होता, समोर जाडजूड वही. नाव, वेळ, कुणाकडे, काय काम.

"लिहा काहीही," मी म्हटलं.

"काहीही असा रकाना नाही बाई."

"उशी न्यायचीय."

त्यानं मान वर केली, पुन्हा खाली घातली आणि सुवाच्य अक्षरात लिहिलं: उशी नेणे. अकरा चाळीस. मी सही केली.

आत लांब खोली, खिडकीशी टेबल, टेबलामागं ती खुर्ची, खुर्चीवर माझी उशी. निळा काठ मळला होता. गोदामवाला जागेवर नव्हता, वरच्या मजल्यावर गेला होता म्हणे. मी बाकावर बसले. पावणेदोन तास बसले. मग उठले आणि त्या खुर्चीत बसले.

समोर शाईचं पॅड, शिक्के उलटे टांगलेले, उजव्या हाताला आवक, डाव्या हाताला जावक. खिडकीतून पाण्याची टाकी दिसत होती. छत्तीस वर्षं मी ज्या डब्याला झाकण लावलं तो रोज इथं उघडला जात होता. एवढ्यात एक माणूस आला, माझ्यासमोर कागद ठेवला आणि अदबीनं उभा राहिला. "बाई, शिक्का?"

"थांबा," मी म्हटलं. आणि तो थांबला.

कुणी माझ्यासाठी असं थांबल्याचं मला आठवत नाही. ते सुख मला फार तर दहा मिनिटं मिळालं, वन्संनी ते रोज खाल्लं होतं. मग गोदामवाला आला, हसून उशी सोडून दिली. फाटकावर म्हाताऱ्यानं वेळ लिहिली, एक पन्नास. घरी येऊन उशी मी ट्रंकेत रजयांखाली घातली आणि वही लिहिली. सगळं लिहिलं, खुर्चीसुद्धा.

म्हणजे शिपाई ज्या घरातल्या स्त्रीला पत्र देत होता ती त्याच्याच कचेरीत बसली होती. हे सांगितलं की साहेब उताणे. पण हे सांगायचं म्हणजे नवऱ्यासमोर, नणंदेसमोर आणि भरल्या कोर्टात सांगायचं की साठी उलटलेली बाई एका उशीसाठी जळत बसमधून गेली. मी दोन दिवस गप्प राहिले. पोथी उघडायची आणि त्याच पानावर बसायचं. देवाकडे बघवेना.

तिसऱ्या दिवशी वकीलबाई पुन्हा आल्या. वन्संनी जावक रजिस्टरची प्रत भिंगाखाली धरली होती. बराच वेळ बघून त्या म्हणाल्या, "ही माझीच ओळ आहे."

"तुमची कशी? तुम्ही तर तेव्हा निवृत्त होतात."

"अक्षर त्या गोदामवाल्याचं. ओळ माझी." भिंग खाली ठेवून त्यांनी सांगितलं. नोकरीच्या दुसऱ्या वर्षी तेव्हाच्या साहेबांनी त्यांना शिकवलं होतं: दिवसाचं काम संपलं की जावक रजिस्टरमध्ये एक नंबर टाकून ओळ कोरी सोडायची. पुढं कधी मागच्या तारखेचं पत्र दाखवायची वेळ आली तर ते त्या ओळीत बसवायचं. कचेरीत तिला साहेबांची ओळ म्हणत. साहेब बदलले, ओळ राहिली. जाताना वन्संनी गोदामवाल्याला काम समजावून दिलं त्यात तीही समजावून दिली, शिक्के कसे पुसायचे त्याच्या आधी.

"पस्तीस वर्षं सोडली," त्या म्हणाल्या. "कुणाचं काही वाईट झालं असेल असं मनातही आलं नाही. मी नंबर बघत होते, नंबरामागचा माणूस कुठं बघत होते? आता मीच त्या ओळीत सापडले."

"हे कोर्टात बोलू नका," वकीलबाई घाईनं म्हणाल्या. "तुमच्यावरच उलटेल."

"उलटू दे. खरंय ते. त्याशिवाय हे पत्र मागाहून घुसडलंय हे कळणार कसं?"

"बायो, विचार कर," हे म्हणाले. "गुडघे तुझे आहेत."

"तोंडही माझंच आहे."

मी दारात उभी होते. आणि देवाची शपथ, त्या क्षणीही मला हेवाच वाटला. यांचं पापसुद्धा रजिस्टरातलं, नंबर पडलेलं, पस्तीस वर्षांचं. ते कबूल करताना यांची मान कशी ताठ. आणि माझं पाप उशीएवढं, तेही ट्रंकेत. यांनी एकटीनं खरं बोलून मोठं व्हायचं आणि मी ओटा पुसत राहायचं, हे मला सहन झालं नाही. याला कुणी चांगुलपणा म्हणू नये. मी पाटाखालून वही काढली आणि वन्संच्या पुढ्यात ठेवली.

"अठरा तारीख काढा."

त्यांनी दोन ओळी मोठ्यानं वाचल्या आणि मग मनात वाचायला लागल्या. पान संपलं. पण त्या थांबल्या नाहीत, त्यांनी आदल्या दिवसाचं पानही वाचलं.

"वहिनी," त्या म्हणाल्या, "'मांजरीसारखी दबकत येते आणि माझ्या पातेल्यात डोकावते', ही मी?"

"हो."

"दबकत नाही येत. गुडघे उचलत नाहीत."

"आता माहीत झालं."

वकीलबाईंनी रुमाल बाजूला ठेवला होता. "फाटकावर वही आहे? तिच्यातही कोरी ओळ असते का?"

वन्सं हसल्या, त्या फोनवर हसल्या होत्या तशा. "फाटकवाल्याला कुठला साहेब विचारतो? त्याच्या वहीत मुंगी शिरायला जागा नाही."

तारखेला कोर्टात बाक पुरले नाहीत. साहेब पुढं बसले होते, कडक इस्त्री, पायावर पाय. वकीलबाईंनी माझं प्रतिज्ञापत्र आणि सोबत माझी वही दिली आणि फाटकावरची वही मागवा म्हणाल्या. साहेबांच्या वकिलांनी ती जुनी आहे, सापडायला वेळ लागेल असं सांगितलं. जजसाहेब म्हणाले, "तुमच्या कचेरीत बरंच काही सापडत नाही. दुपारी दोनला इथं पाहिजे." दोनला वही आली. फाटकवाला म्हातारा स्वतः घेऊन आला होता, छातीशी धरून.

जजसाहेबांनी पान काढलं. वाचलं. चष्मा पुसून पुन्हा वाचलं. "उशी नेणे. या बाई कोण?"

मी उभी राहिले.

"कसली उशी?"

"खुर्चीवरची. मी शिवलेली."

"मग नेलीत?"

"नेली."

"आणि पत्र? साडेबारा वाजता शिपायाकडून पत्र घेतलंत?"

"साडेबाराला मी यांच्याच कचेरीत बसले होते," मी म्हटलं. "तिथंच हातात दिलं असतं तर बिचाऱ्याची फेरी वाचली असती."

लोक हसले. साहेबांनी पायावरचा पाय काढला. मग वन्सं उठल्या, कुणी न विचारता, बाकाला धरून, आणि साहेबांच्या ओळीचं सगळं सांगितलं. तेव्हा मात्र कुणी हसलं नाही. जजसाहेबांनी विचारलं, "किती वर्षं?" त्या म्हणाल्या, "पस्तीस." त्यांनी ते लिहून घेतलं. त्याचं पुढं काय होणार ते अजून ठरलेलं नाही. रजिस्टरं तपासायला एक माणूस नेमलाय, तो वन्संना बोलावणार आहे. त्या म्हणतात, बोलावू दे, चालत जाईन.

साहेबांना मात्र त्याच दिवशी सांगितलं गेलं की पंधरा दिवसांत व्याजासकट सगळं द्या, नाहीतर पुढच्या तारखेला तुरुंगाच्या तयारीनं या. साहेबांनी हात जोडून विनाशर्त माफी मागितली. आधी कोर्टाची, मग वन्संकडे वळून त्यांची. मी बाजूलाच उभी होते. खोटं पत्र घेतलं म्हणून बदनाम झाले मी, माफी मिळाली त्यांना.

तेराव्या दिवशी पैसे जमा झाले. पुढच्या महिन्यात गुडघे झाले. आता वन्सं कोपऱ्यातल्या खोलीत असतात, दिवसातून चार वेळा काठी घेऊन दारापर्यंत येतात. डॉक्टरांनी उंच बसायला सांगितलंय, म्हणून मी ट्रंकेतून उशी काढली, काठ धुतला आणि त्यांच्या खुर्चीवर बांधली. बंद बांधताना विचारलं. विचारायचंच होतं.

"एवढी आवडत होती तर तिथं का टाकून आलात?"

त्या खिडकीबाहेर बघत होत्या. "खुर्ची त्या गोदामवाल्याची होणार होती ना? मला सहन होईना. म्हटलं, खुर्ची त्याची झाली तरी बसणार तो माझ्या उशीवर."

मी गाठ मारली. चाळीस वर्षं एका घरात राहून मला वाटत होतं, जळणं माझ्या एकटीच्या वाट्याला आलंय.

"माझ्या," मी म्हटलं.

"काय?"

"माझ्या उशीवर. शिवली मी होती."

"बरं, तुमच्या," त्या म्हणाल्या. त्या दिवशी त्यांनी टेबलाचा खण रिकामा केला आणि किल्ली माझ्या हातावर ठेवली. माझी जुनी वही कोर्टात जमा आहे, ती सुटून आली की त्यात ठेवीन. तोवर ही नवी वही त्यात असते.

काल दुपारी मुलीचा फोन आला. गुडघे कसे आहेत, जेवते का, झोप लागते का, सगळं आत्याचं विचारून झालं आणि मग म्हणाली, "आई, आत्याला दे ना."

"झोपलीय ती," मी म्हटलं. "माझ्याशी बोल."

ती बोलली. बारा मिनिटं बोलली. वन्सं जाग्या होत्या.